माइक श्रोत्यांकडे

आजच्या समारंभाचे अध्यक्ष आणि आमच्या कीर्तन मंडळाचा भार इतकी वर्षं वाहणारे आदरणीय काकासाहेब, जांब समर्थहून मुद्दाम आलेले प्रमुख पाहुणे रामरावजी, व्यासपीठावरील मान्यवर, ज्यांना निरोप द्यायला आपण अंबडच्या या सभागृहात जमलो आहोत ते आमचे गुरू केशवराव सर, सौभाग्यवती रमाबाई, आणि समोर बसलेल्या मायबहिणींनो, बंधूंनो, आपणा सर्वांना या उषाबाईचा नमस्कार.

मला थोडक्यात बोलायला सांगितलं आहे. कीर्तनकार बाईला असं सांगण्याची हिंमत काकासाहेबच करू शकतात. शिवाय आज माझा पाय एका जागी ठरत नाही, हे पहिल्या रांगेतल्यांना दिसतंच आहे. त्याचं कारण पुढं सांगते. आधी सरांविषयी चार शब्द बोलू द्या.

सर कोर्टात नोकरीला. दिवसभर अर्ज-तारखा, आणि संध्याकाळी आमचा वर्ग. सन चौऱ्याऐंशीच्या सुमारास त्यांनी वर्गात टेपचा डेक आणून ठेवला. त्याच्या पुढच्या बाजूला काचेत काटा होता. आवाज वाढला की काटा उजवीकडं पळायचा. आम्हा धावड्यासारख्या खेड्यातून आलेल्या बायकांना त्या काट्याचंच इतकं कौतुक, की आम्ही उगाच खाकरून बघायचो.

त्याच काळात कीर्तनाच्या कॅसेटी घरोघरी आल्या. आमच्या गिरिजाबाईंनी, त्या बघा, तोंडाला पदर लावून हसून राह्यल्यात, एका बुवांची अख्खी कॅसेट पाठ केली. शब्द अन् शब्द बराबर. आणि जांबला समर्थांच्या देवळात त्या उभ्या राहिल्या. पूर्वरंग झोकात झाला. मग एका ठिकाणी त्या थांबल्या. लोकांना वाटलं, आठवत नसेल. तसं नव्हतं. कॅसेटमध्ये तिथं लोक हसलेले होते, म्हणून गिरिजाबाई हसू संपण्याची वाट पाहत होत्या. पुढं बुवांना ठसका लागलेला होता, तर यांनाही लागला. "जरा पाणी द्या," म्हणाल्या. एका माउलीनं धावत तांब्या आणला, तर या त्याच्याकडं पाहतच राहिल्या, कारण पाणी प्याल्यावर काय करायचं ते कॅसेटमध्ये ऐकू येत नव्हतं. आणि आख्यान ऐन रंगात आलेलं असताना वाक्य अर्धं सोडून त्या गप्प. कॅसेटची एक बाजू संपली होती. पेटीवाल्यानं बिचाऱ्यानं तोच सूर धरून ठेवला. शेवटी खांबाजवळच्या झुंबरबाई म्हणाल्या, "माय, थांबून का राह्यली? त्या पोराचं काय झालं ते तं सांग."

हसा, मोकळेपणानं हसा. गिरिजाबाईंची परवानगी घेतलेली आहे.

दुसरा एखादा गुरू काय करता? कॅसेट फोडता, यंत्राच्या नावानं बोटं मोडता. सर रागावले नाहीत. त्यांनी फक्त एक गोष्ट केली. पुढच्या कीर्तनाला त्यांनी डेकचा माइक आमच्याकडून काढला आणि श्रोत्यांकडं तोंड करून ठेवला.

ते पुढचं कीर्तन माझं होतं, माझ्याच गावात, धावड्याच्या मारुतीसमोर. मला वाटलं, काय रंगलं आज. लोकांनी पाय धरले, नारळ दिले. दुसऱ्या दिवशी वर्गात सरांनी टेप लावला. माझा आवाज कुठंतरी लांब, विहिरीतून आल्यासारखा. जवळ काय ऐकू यावं? बांगड्या. एका लेकराची रडारड. पुरुषांच्या बाजूला कुणी मिरचीचा भाव विचारतंय. आणि माझं सगळ्यात आवडतं वर्णन, ज्याच्यावर मी महिनाभर मेहनत घेतली, तिथं शेजारच्या साळूबाई स्पष्ट म्हणाल्या, "चला बाई, म्हैस वरडून राह्यली असंल."

मी रडले. सर म्हणाले, "तू काय बोललीस ते मला माहीत आहे, मी तिथंच होतो. ते काय करत होते ते ऐक. जल्दी करू नको. जिथं बांगडी वाजायची थांबली, तिथून तुझं कीर्तन सुरू झालं."

कुठं थांबली होती बांगडी? शेवटाकडं, आणि तीही जरा वेळच. पण त्या जरा वेळात मी काय केलं होतं हे मला त्या यंत्रानं दाखवलं, आणि त्या यंत्राचं तोंड कुठं करायचं हे सरांनी. आमच्या वर्गातल्या प्रत्येकीची घडण अशीच झाली. आपला आवाज ऐकून माणूस एक तर फुगतो, नाही तर खचतो. श्रोत्यांचा आवाज ऐकून तो सुधारतो, असं माझं तरी पक्कं मत झालं आहे.

आता मी जे सांगणार आहे ते सांगू का, असं मी रमाबाईंना सकाळी विचारलं. त्या म्हणाल्या, "सांगा, आता काय लपवायचं."

मागच्या उन्हाळ्यात एका दुपारी वर्ग चालू होता. गिरिजाबाईंची लेक आख्यान सांगत होती आणि आम्ही सगळ्या श्रोते होतो. सर नेहमीसारखे खाली मान घालून, डोळे डेकच्या काट्यावर. मध्येच लाइट गेली. लाइट जाण्याचं आपल्याकडं काय कौतुक? पोरगी बोलत राहिली. छान बोलली, आम्ही टाळ्या वाजवल्या. सरांनी मान वर केली आणि म्हणाले, "हां, आता सुरू कर की."

लाइटीबरोबर डेक बंद पडला होता. काटा थांबला होता, म्हणून सरांच्या लेखी वर्ग गप्प बसलेला होता. त्यांचे कान कधीच गेले होते. किती दिवस ते त्या काट्यावर आमचं कीर्तन ऐकत होते, कोण जाणे. आणि तरीही आमची एकही ढिली जागा त्यांच्या नजरेतून सुटली नव्हती. त्या दिवशी मला सरांच्या पाया पडावंसं वाटलं आणि तिथून पळून जावंसंही वाटलं. आता आमचं कोण ऐकणार, ही भीती तेव्हापासून मनात बसली आहे.

काकासाहेबांनी मग धावपळ केली. सरांचं शिकवणं जपलं पाहिजे म्हणून जालन्याहून लग्नाचं शूटिंग करणारे गजाननराव बोलावले, सगळे पाठ चित्रित करून घेतले, सीड्या तयार केल्या. मंडळासाठी मोठा टीव्ही आला. काकासाहेब, हे फार मोठं काम झालं आणि ते मी मनापासून मानते. पण सोबत असंही ठरलं, की सीड्या आहेत तर नवीन शिक्षकाचा खर्चा कशाला. उषाबाईंनी यावं, टीव्ही लावावा, हजेरी घ्यावी. माझं उत्तर आजपर्यंत द्या, असं तुम्ही सांगितलं होतं. माझे पाय ठरत नाहीत ते यामुळं.

काल मी सीडी पाहिली. बंद खोली. सर एकटे खुर्चीवर बसून आख्यानात थांबायचं कुठं, ते शिकवतायत. शिकवून झाल्यावर सवयीनं विचारतात, "कळलं का?" आणि समोर पाहतात. समोर कॅमेरा. सर थोडं थांबतात. मग त्यांना वाटतं, कळलं नसावं. ते सगळं पुन्हा सांगतात, आणखी सावकाश. पुन्हा विचारतात, "कळलं का?" पुन्हा थांबतात. असं करता करता चित्राच्या कडेनं एक हात आत येतो आणि 'हो, हो' अशी खूण करतो. तो हात गजाननरावांचा. सरांचा चेहरा खुलतो आणि ते पुढचा पाठ घेतात.

गजाननराव इथंच कॅमेऱ्यामागं उभे आहेत. भला माणूस आहे. मी विचारलं, तर म्हणाले, "ताई, मला कीर्तनातलं बिलकुल कळत न्हाई. शूटिंग उरकायचं व्हतं, म्हणून हो म्हणलं."

काकासाहेब, तुम्हीच सांगा, उद्या वर्गातल्या पोरींच्या वतीनंही तोच हात हो म्हणणार का? गिरिजाबाई हसू नसलेल्या जागी थांबल्या, तेव्हा त्यांना हलवायला झुंबरबाई तरी होत्या. टीव्हीसमोर बसलेल्या पोरीला कोण विचारणार, की बाई, तू का थांबून राह्यली?

म्हणून माझं उत्तर ऐका. मी येईन. टीव्ही लावीन, हजेरीही घेईन. सरांचं शिकवणं पोरींना सरांच्याच तोंडून ऐकवीन. पण सरांनी "कळलं का?" विचारलं आणि एखाद्या पोरीनं मान हलवली नाही, की मी तिथंच टीव्ही बंद करीन. मग ती उभी राहील, बाकीच्या श्रोते होतील, आणि माइक त्यांच्याकडं तोंड करून राहील. मंडळाला मी पगार मागत नाही, परवानगीही मागत नाही. फक्त आज सांगून ठेवते.

पाहुण्यांनी एवढ्या लांबून येऊन शांतपणे ऐकलं, मंडळानं बोलू दिलं, रमाबाईंनी घरातली गोष्ट चारचौघांत सांगू दिली, त्या सगळ्यांची मी ऋणी आहे. अध्यक्षांशी जरा चढ्या आवाजात बोलले, वेळेचंही भान राहिलं नाही, ते आपलं माणूस समजून पोटात घाला.

सर, यातलं तुम्हाला काही ऐकू आलं नाही. मी सोमवारी वर्गाआधी घरी येते. हेच सगळं तुमच्यासमोर बसून, तुमच्याकडं तोंड करून, सावकाश बोलते. नाही कळलं तर तसं सांगा. मी पुन्हा सांगेन.