जयवंतीची मागची ओळ

मंडळी, एक विचारतो, खरं सांगा. ज्याला घरोघरी लोक ऐकतात, त्याला आणखी एकानं ऐकावं म्हणून जीव का तुटावा? नाव आहे, गाडी आहे, टाळ्या आहेत — मग आत हे काय झुरतंय? हं, मागच्या काकांनी मान हलवली. काका, पटलं की डुलकी लागली? असू द्या. ऐका!

रायगडात खाडीकाठी एक आगरी गाव. तिथं चांगुणाबाय घरत नावाची धवलारीण होती. घाटावरच्या मंडळींनो, धवलारीण म्हणजे लग्नाचे विधी गाऊन पार पाडणारी बाई. हळद लावायची — तिचं गाणं. मुंडावळ्या बांधायच्या — तिचं गाणं. ढोलकी नाही, पेटी नाही. ती एक ओळ म्हणते आणि थांबते. तिच्या मागं बसलेली बाई तीच ओळ परत म्हणते. मग पुढची ओळ. अशा दोघी मिळून तो धवला, म्हणजे ते लग्नाचं गाणं, पुरा करतात.

चांगुणाबायच्या मागं बसायची तिची लेक, जयवंती. बाराव्या वर्षापासून! आई म्हणायची, "पयली हलद गो कुलदेवाला," की मागून हिचा आवाज — तीच ओळ, पण कोवळी.

पुढं एका कॅसेटवाल्यानं तो आवाज ऐकला. मुंबईला नेलं. धवल्याला ढोल लावला, बँजो लावला आणि बघता बघता गाणं गाजलं. तुमच्या पोरांच्या वरातीत वाजलं असेल. नाही म्हणू नका, नाचताना पाहिलंय मी तुम्हाला! मग टीव्हीची स्पर्धा, मग टीव्हीवर स्वतःचा कार्यक्रम. हिरवं लुगडं, गळाभर दागिने, हातात माईक. आता तिच्या मागं गायला चार-चार मुली.

एकदा चॅनलवाले म्हणाले, आईला आणा, खास भाग करू. चांगुणाबाय ठेवणीतलं लुगडं नेसून आली. बाईला वाटलं, लेकीबरोबर गायचंय! त्या दिव्यांत डोळे मिचकावत तिनं एक ओळ म्हटली... आणि थांबली.

जयवंतीनं काय करायचं होतं? बोला ना! तीच ओळ परत म्हणायची होती. पण दिग्दर्शकानं बजावलं होतं — एकूण दीड मिनिट आहे, तीच ती ओळ नको, सरळ पुढं जा. मागून वाद्यं सुरू झाली आणि जयवंतीनं पुढची ओळ घेतली. आईची ओळ. आई समोर बसलेली असताना!

म्हातारी गाणं संपेपर्यंत लेकीकडं बघत राहिली. घरी जाताना एवढंच म्हणाली, "जेवत जा गो येलवर."

त्यानंतर सहा वर्षं जयवंतीला ते डोळे दिसत होते. फोन लावायची, भात लावला का, गुडघा कसा आहे, सगळं विचारायची. पण आये, माझं चुकलं — हे तेवढं तोंडातून निघेना. कार्यक्रम संपला की गाडीत एकटी बसून आईची ओळ गुणगुणायची, आणि पुढं गप्प व्हायची. हजार माणसं ऐकून गेली, मंडळी, पण जिनं गायला शिकवलं तिच्या कानावर एकदा सूर पडावा, एवढीच आस होती हो तिला!

एके दिवशी सकाळी न कळवता गावी गेली. आई शेजारच्या आळीत हळदीला गेलेली. मांडवाच्या दाराशी ही उभी राहिली. आत आईनं ओळ म्हटली आणि गप्प झाली. मागं कुणी बसलेलं नव्हतं. बायका हातात हळद घेऊन तशाच थांबल्या. अख्खी ओळ होईल एवढा वेळ गेला, मग आईनं पुढची ओळ घेतली. पुन्हा तसंच.

जयवंती घाबरली. शेजारच्या काकूला म्हणाली, "आयस इसरते का गो?"

काकू म्हणाली, "इसरत नाय. सा वरसां अशीच गाते. दुसरीला मागं बसू देत नाय. सांगते, ती जयवंतीची वळ हाय."

मंडळी, काय झालं असेल त्या पोरीचं?

चपला काढल्या, बायकांतून वाट काढत गेली, आईच्या पाठीमागं बसली. आईनं वळून पाहिलं नाही. एक ओळ म्हटली, थांबली. आणि जयवंतीनं ती उचलली. पण सवय स्टेजची! सूर भलताच वर लागला. बायका एकमेकींकडं बघायला लागल्या. जयवंती शरमली, गप्प होणार एवढ्यात आईनं पुढची ओळ घेतली — लेकीच्या सुरात! सत्तरीचा घसा, आवाज चिरकला, श्वास तुटला, पण म्हातारीनं सूर खाली आणला नाही. लेक जिथं होती तिथं आई चढून गेली.

देव याहून निराळा नाही हो! आपण नाव काढायला, पैसा जोडायला लांब जातो. तो आपली जागा दुसऱ्याला देत नाही. आपण आलो, बेसूर आलो, तरी आपल्या सुरात येतो.

आता तुमच्याकडं वळतो. मी एकदाच 'विठ्ठल' म्हणणार आहे आणि थांबणार आहे. टाळकऱ्यांनो, तुम्ही गप्प बसा. पेटीवाले, तुम्हीही. पुढची ओळ या समोरच्या लोकांची आहे. त्यांना यायला वेळ लागला तरी चालेल, मी थांबतो.

विठ्ठल...