सावद्याची उलटी केळी

माझ्या पोराचं काय सांगू तुम्हाला! आधी कॉम्प्युटरवर कार्टून नाचवायचा, आता जळगावजवळच्या पार्कात पाळणे-गुहा बनवतो. परवा मला त्याची नवी गाडी दाखवायला नेलं, प्लास्टिकच्या केळीबागेतून पळणारी. बघतो तर काय, घडातली बठ्ठी, एकूण एक केळी टोकं खाली करून लोंबताहेत!

"अरे, सावद्याचा ना तू? केळ्यांची टोकं वर असतात! उद्या उद्घाटनाला आख्खं गाव बोलावलंय मी. तोंड कुठं लपवू?"

"आबा, मी बरोबरच लावली होती. साहेब म्हणाले, उलटी दिसतात, फिरव."

साहेब बाजूलाच उभा. म्हटलं, "भाऊ, सावद्याला या. आमची बठ्ठी बाग उलटी शे, तेवढी सरळ करून द्या."

त्यानं शांतपणे विचारलं, "किती झाडं आहेत?"