नवरीचे मुर्रे

मी मूळची कुरखेड्याकडची, तलावाकाठच्या ढिवराची पोरगी. तलावात शिंगाडे लावाचे, मासोळी धराची, तेच खाऊन वाढली. लगन झालं ते इथी, नदीवाल्या ढिवराच्या घरी. आई मने, तिकडंबी पानी, इकडंबी पानी, तुले काई जड जानार नाई. पन तलावाचं पानी बसून राह्यते बाई आन् नदीचं चालत राह्यते, आन् चालत्या पान्याच्या मानसाईचा सभावच येगळा, हे मले इथी आल्यावर समजलं.

आमचं गाव वैनगंगेच्या या काठाले, वडशाच्या खालतं, गडचिरोली जिल्ह्यात, आन् समोर ते झाडं दिसून राह्यले ना, तो चंद्रपूर जिल्हा. मधात माह्या सासऱ्याचा डोंगा चाले, मंग आमच्या बुढ्याचा चालला. बुढा मंजे माहा नवरा. तवा काई तो बुढा नव्हता, चांगला ताकदवान गडी होता, पन आमी बाया नवऱ्याचं नाव घेत नाई, आन् आता तर तो राह्यलाच नाई, मनून बुढाच मनते. तो लोकाईले पल्याड नेऊन सोडे आन् मी सासूसंगं मुर्रे फोडो. मुर्रे मंजे तुमचे मुरमुरे. धान भिजवा, उकडा, वाळवा, कांडा, मंग भट्टीवर नदीची रेती तापवाची आन् त्यात ते तांदूळ टाकाचे, का फुलले. सोपं वाटते, हाय ना? रेती जरा जास्त तापली का काळे, जरा कमी तापली का दाताले लागते. सासू मने, रेतीचं मन ओळखता आलं पाह्यजे. मी मनो, आंधी तुमचं ओळखू द्या. हासे ते, बाई चांगली होती, तोंडाची तेवढी कडक.

तिच्यापासूनच ते रीत माह्याकडं आली. लगनसराईत इकडची नवरी तिकडं जाये, तिकडची इकडं ये, सारं डोंग्यानंच. नवरीचा उतारा, मंजे पल्याड न्याचे पैसे, घ्याचा नाई, हे तर होतंच. पन डोंग्यात पाय ठेवाच्या आंधी डोंगेवाल्याच्या बायकोनं नवरीच्या ओंजळीत गूळ घातलेले मुर्रे द्याचे, तिनं तिथीच काठावर उभं राहून थोडे खाचे आन् मूठभर नदीले द्याचे. सासू मने, मांडवातून निघाली का नवरी रडून रडून रिकामी झालेली असते, रिकाम्या पोटानं पानी वलांडलं का पल्याड जीव लागत नाई. आता हे खरं का खोटं मले मालूम नाई. पन काय सांगू तुम्हाले, हुंदके देत आलेली पोरगी मुर्रे चावाले लागली का रडनं थांबतेच थांबते, कारन दोनी कामं एकदम होत नाई.

आता हे लोकाईले गावात पायी फिरवाचं काम. रोशनी मॅडम आपल्याच गावची, विहाराच्या मांगच्या गल्लीतली, पोस्टमनची पोरगी. नागपूरले इतिहास शिकून वापस आली तवा लोक मने, इतिहास शिकून पोट भरते का. तिनं मंग हे काढलं. भाएरची लोकं येते, त्याईले सकाळी गोंडराजाच्या वखतच्या पडक्या दरवाज्यापासून पायी चालवते, जागोजागी थांबून सांगते आन् खाऊ घालते. दरवाज्यापाशी लाखोळीच्या डाळीचे वडे. कोष्टीपुऱ्यात माग पाहाचे आन् आंबील पेवाची. मंग नाटकवाल्याईची गल्ली, हिवाळ्यात तिथी झाडीपट्टीच्या नाटकाचे पडदे वाळत राह्यते, तिथी चहा आन् मोहाचा लाडू. मंग आमच्या ढिवरपुऱ्यात झिंग्याची चटनी आन् भात. शहरातले लोकं झिंग्याले आंधी नाक मुरडते, मंग फोटो काढते, मंग दुसऱ्यांदा मांगते. आन् शेवटी घाटावर मी, मुर्रे घेऊन. पहिल्यांदा रोशनी विचाराले आली तवा मी मनलं, पायी चालाचे पैसे देते लोकं? आमी तर जनमभर चाललो, आमाले कोनी चहा नाई पाजला. ते मने, आजी, मंग आता पाजतो ना.

एक गोष्ट मात्र तिनं मले आंधीच विचारली. मने, आजी, मी घाटावर एक सांगीन, तुमाले राग येईल. तिची आजी नवरी होऊन याच घाटावरून आली होती, आन् माह्या सासूच्या सासूनं तिले मुर्रे देल्ले ते वरून टाकले होते, हाताले हात लागू नाई मनून. बाकीच्या नवऱ्याईच्या ओंजळीत ठेवले आन् तिच्या पदरात वरून टाकले. राग तर आला बाई. मी मनलं, मी तसं कदी केलं नाई, माह्या सासूनंबी केलं नाई. ते मने, मालूम हाय, पन झालं ते झालं, मी सांगीन. आता सांगते. ते सांगते तवा मी खाली पाह्यते, आन् तिचं झालं का पहिली ओंजळ तिचीच भरते. कोनी सांगतलं नव्हतं, आमच्या दोघीचं आपसूकच तसं जमलं.

मंग लोकं विचारते, आजी, हे रीत बंद कशी झाली. मी सांगो, पूल झाला. एवढंच. त्याच्या पुढं जीभ जात नव्हती.

मंगला माही एकुलती एक लेक. तिचं लगन जमलं पल्याडच्या गावी, आन् त्याच्या आंधीच्या दिवाळीले पूल सुरू झाला. बुढा मने, या पुलानं माहा डोंगा बसवला, मी याच्यावर पाय ठेवनार नाई. खराच नाई ठेवला. बजाराले पल्याड जाचं असलं तरी एकटाच डोंगा हाकत जाये, लोकं वरून सायकलीवरून हाका मारे, तो वर पाहेच नाई. लगनाच्या दिवशी सकाळी मने, माही लेक माह्या डोंग्यानं जाईल. मंगला मने, बाबा, डोंग्यात लुगडं भिजते, माह्या मैतरनी हासतील, मी जीपनं जाते. बुढा मंग नवरदेवाच्या मामाकडं गेला आन् हात जोडून मने, जीपनंच न्या, पन आंधी घाटावर आना, तिची माय मुर्रे देईल, मंग खुशाल पुलानं जा. मामा मने, आनतो ना इवाई, तुमी व्हा पुढं.

आता इथी पाहा बाई कसं झालं. नवरीची माय मांडवात राह्यते, पोरीले गळ्याशी धरून बिदा करते. आन् डोंगेवाल्याची बायको घाटावर उभी राह्यते. आन् दोनी मीच. गावातल्या कोन्या बाईवर असं आलं नसंल. मी मनलं, घाटावर येनारच हाय, तिथीच गळ्याशी धरीन, आन् मुर्रे घेऊन पुढं झाली. बुढ्यानं डोंग्याले आंब्याचे पानं बांधले होते, जाचं नव्हतं तरी बांधले होते. आमी दोघं उभे. बँडचा आवाज आला, जवळ आला, मंग दूर जाऊ लागला. वर पाह्यलं तर जीप पुलावर, फुगे बांधलेली, बँडच्या मांगून हळूहळू हॉर्न वाजवत चालली.

त्याच्या पुढचं मी कोनाले सांगतलं नाई. बुढ्यानं शपथ घातली होती. गावाले एवढंच मालूम का लगनात माय-बाप रुसून नदीवर जाऊन बसले. मंगलालेबी जीपमदी तेच सांगतलं मामानं, का डोंगा नाई घेतला मनून तुहे बाबा रागावले आन् मायलेबी घेऊन गेले. मी मंग लाख वेळा मनलं, पोरी, आमी घाटावर वाट पाहून राह्यलो होतो. ते मने, मांडवातून निघताना मांगं वळून पाह्यलं आई, सारे होते, तू नव्हती. ते बोलाची बंद झाली नाई, दिवाळीले ये, बाप गेला तवा आली, माहं दुखलं-खुपलं पाहे. सारं खाये माह्या हातचं. पन मुर्रे समोर ठेवले का ताट सरकवे, मने, ते राहू दे, ते नवऱ्याईचे हाय. इतके वरीस झाले, तिची पोरगी प्राची लगनाले आली, पन ताट सरकवनं काई सुटलं नाई. मले ते हरेक वेळा लागे.

मांगच्या हिवाळ्यात प्राचीचं लगन जमलं. ते पोरगी लय उपद्व्यापी, फोनवर पाह्यलं का आजी फिराले येनाऱ्याईले काई खाऊ घालते, तर मायले घेऊन सरळ त्या चालनाऱ्या लोकाईत नाव देऊन आली. मले सांगतलंबी नाई. मी घाटावर टोपली घेऊन बसली, लोकं उतरून राह्यले, आन् पाह्यते तर साऱ्याईच्या मांगं, लिंबाच्या झाडाले टेकून, मंगला. रोशनी लहान होती तवाच मंगला लगन होऊन गेली, मनून रोशनी तिले ओळखत नाई. रोशनीनं आपल्या आजीचं सांगतलं, मी तिची ओंजळ भरली. मंग एका पुण्याच्या बाईनं विचारलं, आजी, शेवटची नवरी कोन होती हो?

माह्या तोंडून निघून गेलं. मी मनलं, शेवटची माही लेकच होती, तिलेच द्याचे राहून गेले. मंग थांबताच नाई आलं. लिंबाकडं पाह्यलं नाई, टोपलीकडंच पाहून सांगत गेली, का जीप पुलावर दिसली तसा बुढा मने, बस, आन् डोंगा लोटला. कदी हाकला नसंल तसा हाकला. मले वाटे आता बांबू मोडते. मी मुर्रे पोटाशी धरून बसली. पल्याड लागलो तवा जीप पुलाच्या तोंडाशी आली होती. काठ चढून रस्त्याले लागाचं तर पुलावरूनच जा लागे, दुसरा रस्ता नव्हता. बुढा क्षनभर थांबला. मंग अनवानी पायानं पुलावर चढला आन् धावला, हात वर करून, मंगे मंगे करत. माहा पाय मुरगळला, मी मांगं राह्यली. बँडच्या आवाजात कोनाले ऐकू जाते? पूल सरताच जीप सुटली, निस्ता धुरळा राह्यला. बुढा वापस आला, मने, कोनाले सांगजो नको, ढिवर जीपच्या मांगं धावला मनून गाव हासंल. येताना मुर्रे नदीले देल्ले. मने, तिनं देल्ले समज. पुलावर पाय ठेवला तो तेवढाच, त्याच्या आंधी नाई, मांगून नाई.

मंग मी ओंजळी भराले लागली, एकेक हात पुढं ये, मी भरो, तोंडं पाहातच नव्हती. एक ओंजळ आली, त्यात हिरव्या बांगड्या, आन् मनगटावर भाजल्याचा डाग. लहानपनी माह्या भट्टीजवळ खेळताना रेती उडाली होती, तोच डाग. मी भरले. अर्धे खाली सांडले. तिनं तिथीच उभं राहून खाल्ले, मूठभर नदीले देल्ले, आन् मने, आई, गूळ कमी झाला वं. मी मनलं, तुहा बाप गेल्यापासून कमीच घालते, त्यालेच लय गोड लागे. मंग दोघीबी रडलो. मुर्रे चावले का रडनं थांबते मनलं ना मी तुम्हाले, ते काई खरं नाई बाई.

आता प्राचीचं लगन या उन्हाळ्यात. तिची गाडी पुलानंच जाईल, जाऊ द्या, पूल चांगला हाय, दवाखान्यात न्याले किती सोय झाली. पन आंधी घाटावर थांबंल, मंगला सोता आननार हाय तिले. आन् मुर्रे मी देनार नाई, मंगला देईल, मी जवळ उभी राहीन फक्त. रोशनीले सांगून ठेवलं, त्या दिवशी लोकं आनू नको, तू एकटी ये, घरची मनून. डोंगा लिंबाखाली पालथा पडला हाय, त्याले तेवढे आंब्याचे पानं बांधीन.

उशीर झाला, तुमालेबी पल्याड जाचं हाय ना? मंग तसेच जाऊ नका. घ्या. एका हातानं नाई घेत बाई हे, दोनी हात करा.