लढाईला हपापलेला विगफुस

नाही नाही, अभिनंदन कसलं करताय, आधी ऐकून तर घ्या... सरका जरा, पाय लांब करू द्या. या कुंडातलं पाणी आज नको तितकं गरम आहे, पण असू दे, तक्रार कोण करणार? मी तर नाहीच. तेच तर रडगाणं आहे माझं! तुम्हाला सांगतो, माणसानं जन्माला कुठंही यावं, पण विगफुस हे नाव घेऊन येऊ नये. आपल्या वाडवडिलांच्या भाषेत विग म्हणजे कापाकापी आणि फुस म्हणजे हपापलेला. कापाकापीला हपापलेला! आणि तो कोण, तर मी, ज्यानं स्वतःच्या कुत्र्यालासुद्धा कधी हाड म्हटलं नाही. बरं, आपल्या आइसलँडात आडनावाची भानगड नाही, नाहीतर त्याच्यामागे तरी लपलो असतो.

शाळेत मास्तरांनी हजेरीत नाव वाचलं आणि मला सरळ कुस्तीच्या संघात टाकलं. समोरच्या पोराच्या कमरेचा पट्टा धरायच्या आधीच मी त्याला विचारलं, लागलं नाही ना रे? तो हसता हसता आडवा झाला आणि मी जिंकलो. झालं, पुढची तीन वर्षं सुटका नाही! शरदात डोंगरावरून मेंढ्या उतरवल्या की सगळ्यांत माजलेला मेंढा माझ्याकडे, कारण काय, तर नावच विगफुस! अहो, मेंढ्याला कुठं नाव कळतंय? तो मला चिखलातून फरफटत नेतो आणि मागून तुम्ही लोक टाळ्या वाजवता, हो, तुम्हीसुद्धा होतात. मासळीच्या कारखान्यात रविवारची सुट्टी मागायला सगळ्यांनी मलाच पुढं घातलं. मॅनेजर चांगला माणूस हो, त्यानं कॉफी दिली, मुलीची चौकशी केली... आणि मी शनिवारी संध्याकाळीही यायचं कबूल करून बाहेर आलो. आठवडाभर कुणी माझ्याशी बोललं नाही.

तर ठरवलं होतं, हे नाव माझ्याबरोबर थडग्यात जाऊ दे. आता माझ्या लेकीला, सोलरूनला, मुलगा झाला, तीन महिन्यांचा आहे, बारशापर्यंत नाव नव्हतं, आम्ही आपले बाळ्या बाळ्या करत होतो. नाव काय ठेवणार हे तर विचारायचं नसतं, पण मनातल्या मनात मी त्याला बिर्किर म्हणायचो. बिर्किर म्हणजे बर्चचं झाड. झाडाला कुणी कुस्तीत घालत नाही, झाडाच्या हातात कुणी मेंढा देत नाही, किती छान! जावई समुद्रावर, बोटीवरून म्हणाला, तुम्ही ठरवाल ते. म्हणजे तोही आमच्यातलाच.

...आणि आमच्या रान्वेगताईला स्वप्न पडलं. स्वप्नात कोण आलं, तर आमचे आजोबा विगफुस! ते खरे विगफुस बरं का. एका कुंपणावरून शेजाऱ्याशी चाळीस वर्षं भांडले, आणि तो मेल्यावर, मला त्याच्याकडे पाठ करून पुरा, असं सांगून ठेवलं. तर ते आले, ओले हातमोजे ताईच्या दुलईवर ठेवले आणि म्हणाले, सोलरूनच्या घरी येऊ का गं मी? आता मेलेलं माणूस नाव मागायला आलं की त्याला नाही म्हणायची कुणाची छाती आहे? पोराला लाभत नाही म्हणतात. ताई भर जेवणात हे सांगत होती, सोलरून बटाटा सोलत होती, ती सोलतच राहिली. मीही दुसरा बटाटा घेतला.

तुम्हाला सांगतो, नाही म्हणायला मी तीनदा ताईकडे गेलो. पहिल्यांदा भाकरी आणि धुरावलेलं मटण खाऊन परत आलो. दुसऱ्यांदा तिची पन्हाळ दुरुस्त करून आलो. तिसऱ्यांदा तोंड उघडलं, तर तीच म्हणाली, किती आनंद झालाय ना रे तुला? म्हटलं, हो ताई. काय करणार, नावच विगफुस!

रविवारी बारशाला चर्चमध्ये सोलरूननं बाळ माझ्याच हातात दिलं. "बाबा, तुम्ही धरा. नाव तुम्हीच सांगा." म्हटलं, पोरीला किती हौस, बापाच्या तोंडून बापाचं नाव! पाद्रीणबाईंनी विचारलं, या मुलाचं नाव काय? चाळीस माणसं माझ्याकडे बघतायत, पहिल्या बाकावर ताई ओठ हलवून आधीच सांगतेय, आणि माझ्या जिभेवर बिर्किर... बि म्हणायला ओठ मिटले होते हो, शप्पथ, मिटले होते! आणि उघडले तर विगफुस! तेही घाबरून इतक्या मोठ्यानं, की मागून कुणीतरी म्हणालं, ऐकलंत आवाज? विगफुसच तो.

मग शेजारच्या हॉलमध्ये कॉफी. सोलरून माझ्याजवळ येऊन उभी राहिली, डोळ्यांत पाणी. म्हटलं, आनंदाश्रू. तर हळूच म्हणाली, "बाबा, मी बाळ तुमच्या हातात का दिलं? तुम्ही दुसरं काहीतरी नाव घ्याल म्हणून. काहीही चाललं असतं. मला आत्याला नाही म्हणवेना."

आता बोला! पोरीनं आयुष्यात एकदा माझ्यावर भिस्त ठेवली, आणि मी... इतकं वाईट मला कधी वाटलं नव्हतं. म्हटलं, अगं, पाद्रीणबाईंचा नोंदीचा कागद अजून पिशवीतच असेल, जाऊन सांगूया. ती म्हणाली, सांगा की. म्हटलं, आई तू आहेस, तू सांग. ती म्हणाली, तुम्ही मोठे. तेवढ्यात ताई केक घेऊन समोर, बापलेकीचं काय खुसुरफुसुर चाललंय?

काही नाही, केक छान झालाय, असं आम्ही दोघंही एकदम म्हणालो आणि दोघांनीही आणखी एकेक तुकडा घेतला. पाद्रीणबाई पिशवी उचलून गेल्या. बाळ माझ्या खांद्यावर गाढ झोपलं होतं. म्हटलं, झोप बाबा, झोपून घे... मोठा झालास की आमच्या दोघांच्याही वाटचं भांडण तुलाच भांडायचंय.