इ. पॅरी, नान्तग्रायग

नाही नाही, उतरू नका हो खाली. बरोबर आहे तुमचं. कमिटीनं कागदावर 'इ. पॅरी स्टँड' असंच लिहून दिलंय ना? मग तेवढंच रंगवा. पूर्ण नाव कशाला हवं? तुमचा रंग वाचेल, शिडी धरून माझे हात भरून येतात ते वाचतील. 'इ' तर झालाच काढून — आणि झकास झालाय हं — पोट जरा सुटलंय त्याचं, पण या गावात चाळिशीनंतर सगळ्यांचंच सुटतं. घ्या, एका हातानं चहा घ्या. हा मनुकांचा पावही घ्या, माझ्याच भट्टीतला आहे. नको कसं? या मैदानावर माझ्या पावाला नाही म्हणणारा माणूस पुढच्या सामन्यात हरतो — तुम्ही खेळत नाही म्हणून काय झालं, शिडीवर तर आहात!

कोण पॅरी, म्हणता? अहो, गाव कुठलं तुमचं? किनाऱ्यावरचे होय, तरीच. नान्तग्रायगमध्ये दगड उचला, खाली पॅरी निघेल. चॅपलचा पाद्री पॅरी, बसवाला पॅरी, तेव्हाचा पोस्टमन पॅरी — म्हणून आम्ही आडनाव वापरतच नाही, काय उपयोग? धंद्यावरून हाक मारायची, झालं. हा प्रेक्षकांचा स्टँड ज्याच्या नावाचा, तो खाणीतला इफॉर. पाटीच्या दगडाच्या खाणीत होता ना, म्हणून. बावीस वर्षं एकच क्लब, एकच लाल शर्ट, सहाशे बारा सामने, शनिवारी शेवटचा. दुसऱ्या क्लबाच्या दारात पाय ठेवला नाही पठ्ठ्यानं. म्हणजे — ठेवला एकदा. पण ते जाऊ दे.

तसा देखणा खेळाडू वगैरे नव्हे हं तो. पळताना बघाल तर वाटेल कपाट सरकतंय. पण बचावाला उभा राहिला की समोरच्याला वाट मिळायची नाही. डोकं, छाती, पाय, जे हाताशी येईल ते चेंडूच्या आड घालायचा. पुढचे दोन दात या गोलापुढेच पडलेत. हसतो तेव्हा दिसतं. एका डिसेंबरात चिखलात दात शोधायला आम्ही अकरा जण गुडघ्यावर बसलो होतो, आणि पंच वर ओरडतोय, उठा, प्रार्थना रविवारी करा!

आम्ही म्हणजे? हो, मीही होतो. मागे गोल कोण सांभाळत होतं मग? मीच की. अठरा वर्षं. मला पाववाला म्हणतात — बास, तेवढं पुरे आहे.

तर त्या दुसऱ्या क्लबाच्या दाराचं सांगायचं राहिलं. आता निघालंच आहे तर ऐका. त्याचा तिसरा हंगाम. इंग्लंडातल्या एका मोठ्या क्लबाचं पत्र आलं गावात. क्लबाचं नाव नको, ते लोक अजून जिवंत आहेत. तुमचा खेळ आम्ही पाहिला, मंगळवारी चाचणीला या, एवढंच लिहिलेलं. आणि पाकिटावर? 'मि. इ. पॅरी, फुटबॉल खेळाडू, नान्तग्रायग.' आता सांगा! इंग्रज माणूस — त्याला वाटलं, पत्ता झाला. लंडनमध्ये होतही असेल. इथे पोस्टमननं पाकीट उलटंसुलटं केलं, त्यावरचं फुटबॉलचं चिन्ह बघितलं आणि सरळ खाणीवर नेऊन इफॉरच्या हातात दिलं. त्याचं तरी काय चुकलं? खेळाडू म्हटलं की इफॉरच. उरलेले आम्ही शर्ट घालून फिरणारे.

सगळं गाव बसपाशी निरोपाला आलं. म्हाताऱ्या रडल्या, खाणीचा बँड वाजला. आणि गुरुवारच्या बसनं गडी परत! बँडवाले कामावरून घरी चालले होते, वाद्यं खांद्यालाच होती. बसमधून इफॉर उतरताना दिसला आणि जो कल्लोळ झाला — आला! परत आला! नाही म्हणून आला! आम्हाला सोडून गेला नाही! त्यानं तोंड उघडलं होतं हं काहीतरी सांगायला, मी समोरच उभा होतो, मला दिसलं ते. पण मेरी मिठाईवालीनं मिठी मारली, तोंड तिच्या शालीत दाबलं गेलं, ते गेलंच. झाकली मूठ सव्वा लाखाची. त्या दिवसापासून गावात एकच — निष्ठा असावी तर इफॉरसारखी! पाद्र्यानं रविवारी त्यावर प्रवचन दिलं.

काय सांगणार होता? कसं कळणार मला — बरं, कळलं. नऊ वर्षांनी कळलं. चषकाचा सामना होता, त्याच क्लबाचा एक म्हातारा बघायला आलेला. सामन्यानंतर माझ्याकडे आला, हात हातात घेतला आणि म्हणाला, तुम्ही आला असतात तर बरं झालं असतं हो. आम्ही गोलकीपरला बोलावलं होतं. तुम्ही तो उंच मनुष्य कशाला पाठवलात?

हलू नका, हलू नका, शिडी धरलीय मी! हो. मी. पाववाला इद्वाल. इद्वाल पॅरी. इ. पॅरी. हसा, हसा पोटभर, पण रंगाचा डबा सांभाळा.

वाईट वाटलं का? विचारताय काय? चांगलंच वाटलं वाईट! गेलो असतो का मी? बायकोला सांगू नका — भट्टीतला पाव तसाच जळत सोडून गेलो असतो. चोवीस वर्षांचा होतो, हात असे होते की कोपऱ्यातला चेंडू लोण्यासारखा काढायचो. आठवडाभर इफॉरशी बोललो नाही. त्याला काही कळेना, मला काही सांगता येईना. पुढच्या शनिवारी शेवटच्या मिनिटाला एक फटका आला माझ्याकडे, आणि हा मधे आडवा पडला. गुडघा कट्‌कन वाजला, इथपर्यंत ऐकू आलं. दवाखान्यात गेलो तर म्हणतो, "इद्वाल, ते पत्र —" मी म्हटलं, "गप. पाव खा." बास. त्यावर दोघांत एक शब्द नाही आजतागायत. पण तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला — मधल्या नऊ वर्षांत त्याला दोन पत्रं आली होती, खरी, त्याच्याच नावाची, नीट पत्ता लिहिलेली. दोन्ही नाकारली त्यानं. गावानं एकदा निष्ठावान म्हटलं होतं ना, मग तो झालाच तसा. आणि माझ्या गोलापुढून हलला नाही. एकदाही नाही.

आता खरं सांगू? सकाळी कमिटीचा कागद पाहिला, 'इ. पॅरी', आणि मनात आलं, राहू दे असंच. कुणाला कळणार नाही, मला कळेल. उद्या नातू झाला की विचारेल, आजोबा, हे तुमचं नाव का? तर मला नाही म्हणावं लागणार नाही. चाळिशी उलटली की माणूस हावरट होतो हो. म्हणून तर मघाशी तुम्हाला खाली उतरू दिलं नाही, दुसरं काय.

तो बघा. तिकडे, कोपऱ्यातल्या झेंड्यापाशी. चुन्याची बादली घेऊन लंगडतोय, तोच. शेवटच्या सामन्याच्या रेघा स्वतः मारणार म्हणे, दुसऱ्या कुणाला सरळ येत नाहीत. त्याला तरी कुठे येतात! अहो बघा ना, ती रेघ कुठे चाललीय. चॅपलपर्यंत जाईल.

शनिवारी तो इथे खाली उभा राहणार, नाही का. बँड वाजेल. हा मान वर करून भिंतीकडे बघेल, 'इ. पॅरी' — आणि त्याला ते पाकीटच दिसेल. इतक्या वर्षांनी परत तेच पाकीट, एवढं मोठं, लाल रंगात. आणि गप्प बसेल बिचारा, दुसऱ्याचं घेतल्यासारखा.

अहो पेंटर. 'इ'पुढे टिंब दिलंत का? नाही ना? देऊ नका. तिथे 'फॉर' काढा. इफॉर. मावत नसेल तर 'पॅरी'ला दाटीवाटीनं बसवा, पॅरींना सवय आहे. कमिटीचं मी बघतो, सहांपैकी चार आमच्यातलेच आहेत. चांगलं ठळक काढा, पोस्टमनला रस्त्यावरून वाचता आलं पाहिजे.

आणि असं बघू नका माझ्याकडे. डोळ्यांत चुना गेलाय. चुना तिकडे आहे ते मलाही दिसतंय, वारा आहे. आला बघा इफॉर. मी काही बोललो नाही, तुम्ही काही ऐकलं नाहीत. वर बघा आणि रंगवा.