खालचं पाकीट

आजच्या निरोप समारंभाचे अध्यक्ष माननीय साहेब, व्यासपीठावर बसलेले व्यापारी संघाचे अध्यक्ष आणि इतर पाहुणे, वजनमाप कार्यालयातले माझे बंधू आणि भगिनी, आणि ज्यांच्यासाठी आपण जमलो ते आमचे हे, सगळ्यांना माझा नमस्कार.

मी मॅट्रिक झालेली, घरात रमलेली बाई. घरखर्चाचा हिशेब लिहिण्यापलीकडे माझ्या हातून लिखाण झालेलं नाही. हेडक्लार्क भाऊ घरी आले तेव्हा म्हणाले, "वहिनी, दोन शब्द बोलाच." दोन शब्दांचे थोडे जास्त होतील. साहेबांनी घड्याळाकडे बघितलं तरी मी वाईट वाटून घेणार नाही.

आत्ता सगळ्यांनी यांच्या वागणुकीचं कौतुक केलं. तराजू तपासायला गेले तरी दुकानदाराचा अपमान केला नाही, कुणाकडचा चहा घेतला नाही, आणि नको म्हणतानाही कपावर उद्धटपणे हात ठेवला नाही. संघाचे अध्यक्ष म्हणाले, हे कुठे शिकलात? त्याचं उत्तर मी देते. हे सगळं माझ्या सासऱ्यांनी पत्रातून शिकवलं.

सासरे एका मोठ्या हॉटेलात पाहुण्यांच्या स्वागताला असत. कुणाशी किती वाकून बोलायचं, कुणाची बॅग न विचारता उचलायची, कुणाची विचारूनही उचलायची नाही, हे त्यांना नेमकं कळे. आमचे हे शाळेत असतानाच सासरे आजारी पडले. बरं होणं नाही असं कळल्यावर त्यांनी दवाखान्यातल्या खाटेवर बसून धाकट्या मुलासाठी पत्रं लिहिली. प्रत्येक पत्र बंद पाकिटात, पाकिटावर प्रसंग लिहिलेला. 'नोकरीच्या पहिल्या दिवसासाठी.' 'लग्नासाठी.' 'वरिष्ठांच्या घरी जेवायला जाताना.' सगळ्यांत वर एक चिठ्ठी होती: वरचं पाकीट आधी, मधलं काढायचं नाही. प्रसंगाच्या आधी वाचावं, म्हणजे प्रसंगी चुकणार नाहीस.

यांचे थोरले भाऊ, म्हणजे मोठे भाऊजी, फार चेष्टा करायचे. "मला कान पिळून शिकवलं, आणि या लाडोबाला पाकिटातून!" मग यांच्याकडे बघून, "काय रे, शिंक आली तर काय करायचं, त्याचं पाकीट आहे का?" हे शांतपणे म्हणायचे, "आहे. तोंड वळवायचं आणि मग पुन्हा त्या विषयावर बोलायचं नाही." हसा, तुम्हीही हसा. मीसुद्धा हसत असे.

पण नोकरीच्या पत्रात काय होतं सांगू? 'वरिष्ठ डावा हात पुढे करतील. गोंधळू नकोस, तूही डावाच दे.' हे कामावर रुजू झाले, आणि त्या वेळच्या साहेबांचा उजवा हात प्लॅस्टरमध्ये होता. लग्नाच्या पत्रात होतं, 'मुलीच्या काकांचा चष्मा पायाखाली येईल. हसू नकोस, आधी तुकडे उचल.' माझ्याच काकांचा चष्मा. कडकन आवाज झाला, सगळे हसले, आणि हे एकटे खाली वाकून काचा गोळा करत होते. माझ्या आईने तेव्हाच मला खुणावलं, मुलगा सोन्यासारखा आहे. त्या चष्म्याचं पत्रात आधीच लिहिलेलं होतं, हे मला पुढे कळलं. मी देवासमोर दिवा लावला आणि मनात म्हटलं, देवा, हे तुझं काम की आणखी कुणाचं? दवाखान्यात पडलेल्या माणसाला माझ्या काकांचा चष्मा कुठून दिसला?

बढतीच्या वेळची गोष्ट तर मी आजवर कुणाला सांगितलेली नाही. बढतीचं पाकीट उघडताना खालचं त्याला चिकटून आलं. ओलीने डिंक सुटला होता, तो पुन्हा सुकून धरला असावा. वरचं फाडलं तसं खालचंही फाटलं. त्यावर लिहिलं होतं, 'थोरल्याच्या समाचाराला येणाऱ्यांसाठी.' आदल्याच दिवशी मोठे भाऊजी आमच्याकडे पोटभर जेवून, मला "मीठ जपून वापरता की काय?" असं चिडवून गेले होते. मी म्हटलं, "मिटवून ठेवा ते. वाचू नका." हे म्हणाले, "उघडलेलं पत्र, वडिलांचं, न वाचता ठेवायचं? बरं दिसत नाही ते." आणि वाचलं. आत लिहिलं होतं, 'थोरली सून रडणार नाही. तिला रडायला सांगू नकोस.'

त्याच आठवड्यात मोठे भाऊजी कामावर, टेबलावर डोकं टेकून, गेले. जाऊबाई रडल्या नाहीत. सगळे म्हणत होते, रडा हो, मोकळ्या व्हा. एकटे हे काही बोलले नाहीत.

तुम्ही म्हणाल, बाई, हा योगायोग. मीही म्हणते. रोज म्हणते. देवाचं नाव घेऊन म्हणते.

आता त्या गठ्ठ्यात दोनच पाकिटं उरली आहेत. वरच्यावर लिहिलं आहे, 'निरोप समारंभात उत्तर देण्यासाठी.' ते आज यांच्या कोटाच्या आतल्या खिशात आहे. आणि खालचंही तिथेच आहे, कारण ती दोन एकमेकांना चिकटली आहेत. खालच्यावर काय लिहिलं आहे? 'पत्नीच्या समाचाराला येणाऱ्यांसाठी.'

टायपिस्ट ताई, घाबरू नका. माझी प्रकृती ठणठणीत आहे. मोठ्या भाऊजींचीही होती.

सकाळी मी यांना म्हटलं, "मला द्या. किटलीच्या वाफेवर धरते, अलगद सुटतील. शिक्का न बसलेली टपालाची तिकिटं मी अशीच सोडवते."

हे म्हणाले, "वाफेवर पाकीट धरणं ही दुसऱ्याची पत्रं चोरून वाचणाऱ्यांची रीत. आपल्या घरात नको."

"मग आज पत्राशिवाय बोला. एवढी वर्षं नोकरी केलीत, चार वाक्यं सुचणार नाहीत?"

"वडिलांनी मुद्दाम लिहून ठेवलंय, त्याचा मान नको ठेवायला?"

"आणि खालचं फाटलं तर?"

ते बूट पुसत होते. थांबले. अगदी आदराने, जसे तुमच्याशी बोलतात तसे, म्हणाले, "फाटलं तर वाचावं लागेल."

मी संसारात यांच्या तोंडून वाकडा शब्द ऐकला नाही. आज वाटलं, ऐकला असता तर बरं झालं असतं. रागावलेल्या माणसाशी भांडता येतं हो. इतक्या सौजन्याने कुणी आपल्याला... जाऊ दे. तेवढ्यात तुमची गाडी दाराशी आली, आणि हे म्हणाले, "तिथेच उघडतो, उत्तराला उभा राहिलो की."

म्हणून मी बोलते आहे. साहेबांनी मघाशी चिठ्ठी पाठवली, ती मला मिळाली. मी थांबले की यांची पाळी. हे आत्ताच खिशाशी हात नेऊन बसले आहेत. अहो, बघताय ना माझ्याकडे? बघा. माझ्याकडेच बघा.

सासऱ्यांच्या पत्रांतले दोन नियम मी पाठ केले आहेत, आणि हे ते कधी मोडत नाहीत. एक, प्रसंग होऊन गेला की त्याचं पाकीट उघडायचं नाही. शिळा सल्ला कामाचा नसतो. यांची एकदा बदली रद्द झाली, ते पाकीट गठ्ठ्यातून काढून कपाटात ठेवलं, अजून तसंच बंद आहे. म्हणजे आज हा समारंभ संपला की ही दोन पाकिटं मिटलेलीच राहतील. आणि दुसरा, बढतीच्या पत्रातला: लोक टाळ्या वाजवत असताना तोंड उघडू नये, कागद उघडू नये. टाळ्या थांबेपर्यंत हात जोडून उभं राहावं.

बंधूंनो, भगिनींनो, आता माझं मागणं कळलं असेल. हे उभे राहिले की टाळ्या वाजवा. पहिल्या रांगेचे थकले तर मागच्यांनी वाजवाव्यात. हेडक्लार्क भाऊ, तुमची हरकत नसेल तर आभार त्या गडबडीतच माना. हॉलचा पहारेकरी किल्ल्या घेऊन दारात येईपर्यंत वाजवा. हात दुखतील. नंतर कुणी विचारलं, कशासाठी एवढं, तर सांगा, यांच्या वागणुकीसाठी. ते खोटं नाही.

आपण वेळात वेळ काढून आलात, यांच्यावर एवढा लोभ केलात, माझं लांबलेलं बोलणं ऐकून घेतलंत, त्याबद्दल मी सगळ्यांची ऋणी आहे. यात सासऱ्यांबद्दल काही उणं-अधिक बोलले असेन, घरातलं चव्हाट्यावर आणलं असेल, तर लहान तोंडाची बाई समजून पोटात घाला. मी बसते.

ते उठले. वाजवा.