वहीतल्या तीन रेघा

हर्षाली : आण्णा, कॉम्प्युटरला हे पुठ्ठे कुणी चिकटवले?

आण्णा : मीच. बुटाच्या खोक्याचे हायत.

हर्षाली : दोन्ही बाजूंनी? आणि मध्ये एवढीशी फट?

आण्णा : मोबाइलएवढी. पट्टीनं मोजलीय.

हर्षाली : ह्यांनी बघितलं तर काय म्हणतील? तुमच्या डोळ्यांसाठी एवढा मोठा स्क्रीन आणला.

आण्णा : मोठा हाय, तीच पंचाईत. तुझ्या सासूनं वहीत मोबाइल बघून लिवलंय, वर उजव्या हाताला तीन रेघा असतात, त्या दाबा. इथं कुठंय रेघा? वरती नुसती नावंच नावं, लग्नपत्रिकेसारखी. म्हटलं, जास्तीचं झाकलं की मोबाइलवानी दिसंल.

हर्षाली : मग?

आण्णा : निम्मी नावं पुठ्ठ्याखाली गेली.

हर्षाली : अहो आण्णा! देवळ्याचंच एसटीचं तिकीट ना, लंकाआत्यांकडे जायचं? मी काढून देते. दोन मिनिटांचं काम.

आण्णा : नको.

हर्षाली : का पण?

आण्णा : तू काढायचं, नायतर दीपकनं काढायचं, मग तिनं ही वही कशाला लिवली? बसायला जमत नव्हतं, तरी उशीला टेकून लिवायची. म्हणायची, माझ्यामागं तुम्हाला हे यायला पाहिजे. मी म्हणायचो, बरी झाल्यावर दाखव.

हर्षाली : ते मला माहीत नव्हतं.

आण्णा : वहीपरमाणं जमलं नाय, तर ती कपाटात ठेवून द्यायची, दुसरं काय. मला ती वापरायची हाय.

हर्षाली : मग मोबाइलवरच करू या का?

आण्णा : त्याची अक्षरं मला मुंग्या दिसतात. परवा देवळ्याच्या जागी तासभर धुळ्याच्या गाड्या बघत बसलो.

हर्षाली : थांबा. आधी पुठ्ठे निघू द्या. हं. आता माउस घ्या. पानाची ही उजवी कड दिसते ना? धरा आणि डावीकडे ओढा.

आण्णा : बारीक व्हाया लागलं गं.

हर्षाली : होऊ द्या. ओढत राहा.

आण्णा : अरे! नावं गेली! रेघा आल्या की! तीनच हायत, मोज.

हर्षाली : जागा कमी मिळाली की साइट आपोआप मोबाइलसारखी होते. पुठ्ठा लावलेला तिला कसा कळणार?

आण्णा : म्हणजे डोकं माझं बरोबर चाललं होतं.

हर्षाली : डोकं बरोबर, सामान चुकलं. आता कंट्रोल दाबून धरा आणि हे अधिकचं बटण दाबा. बघा, अक्षरंही मोठी झाली.

आण्णा : लय झ्याक. आता तू बोलू नको. 'तीन रेघा दाबा.' दाबल्या. 'यादी येईल. घाबरायचं नाही.'

हर्षाली : असं लिहिलंय?

आण्णा : दर दोन ओळींनी लिवलंय. 'तिसरी ओळ, आरक्षण.' हाय. 'कुठून, नाशिक. कुठे, देवळा.' मी दुसरीकडं कुठं जाणार नाय, हे तिला पक्कं ठाऊक. 'तारीख टाका.' शनवार टाकला. 'सातची गाडी घेऊ नका, तुमची अंघोळ उरकत नाही.'

हर्षाली : नऊची आहे बघा.

आण्णा : घेतली नऊची. आता पान उलटायचं. इथवर मी कधी पोचलोच नव्हतो.

हर्षाली : काय लिहिलंय पुढे?

आण्णा : अक्षर वाकडं झालंय तिचं. तू वाच.

हर्षाली : 'आता जागांचे चौकोन दिसतील. मला गाडी लागते म्हणून दर वेळी खिडकीशी मी बसले. आता खिडकी तुम्ही घ्या.'

(आण्णा वही आपल्याकडे ओढून त्या ओळीवर बोट ठेवतात.)

हर्षाली : आण्णा?

आण्णा : ऐकलं. कडेचा चौकोन म्हणजे खिडकी ना?

हर्षाली : हो. हा मोकळा आहे. दाबू मी?

आण्णा : छत्तीस वर्षं भावडबारीचा घाट मी तिच्या डोक्यावरून बघितला. सरक जरा. मी दाबतो.